नोकरी १९९८ ची, सेवा २००६ पासून

हिवाळी अधिवेशन आलं की नागपूरकरांना मोर्च्यांचं वेळापत्रक पाठ होतं. यशवंत स्टेडियमवरून निघायचं, मॉरिस कॉलेजच्या टी-पॉइंटवर अडायचं, तिथेच भाषणं, मग शिष्टमंडळ, निवेदन आणि संध्याकाळच्या गाडीने परत. गेल्या काही वर्षांत या सगळ्या गर्दीत सर्वांत मोठा आवाज एका घोषणेचा राहिला: ‘एकच मिशन, जुनी पेन्शन’. घोषणा ठसकेबाज आहे, मागणीतही तथ्य आहे. माझी तक्रार वेगळी आहे. या घोषणेखाली पेन्शनच्या प्रश्नाचा दुसरा, तितकाच मोठा भाग झाकला गेला. पेन्शन जुनी मिळो, नवी मिळो की सुधारित, ती बसते किती वर्षांच्या सेवेवर? आणि ती वर्षं मोजायला सुरुवात कोणत्या दिवसापासून करायची? याचा निकाल मोर्च्यात लागत नाही, विधानभवनातही क्वचितच लागतो. तो लागतो खासगी शाळांचे पगार काढणाऱ्या वेतन पथकाच्या किंवा जिल्हा परिषदेच्या वित्त विभागाच्या टेबलावर, सेवापुस्तक उघडल्यावर.

शाळेच्या कार्यालयात आयुष्य काढलेला माणूस म्हणून मला हा टेबल चांगला माहीत आहे. शिक्षकाने वर्गात काय केलं हे त्या टेबलावर कुणी विचारत नाही. नेमणूक आदेश, त्या नेमणुकीला शिक्षणाधिकाऱ्याने दिलेली वैयक्तिक मान्यता, रुजू दिनांक, खंड आहे का, रजा कोणत्या, निलंबन होतं का, प्रत्येक वर्षाची सेवा पडताळल्याची नोंद आहे का आणि तिच्याखाली मुख्याध्यापकाची सही आहे का, एवढंच पाहिलं जातं. या चाळणीतून जे खाली उतरतं ती ‘अर्हताकारी सेवा’, म्हणजे पेन्शनसाठी धरली जाणारी सेवा. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, १९८२ प्रमाणे दहा वर्षं अर्हताकारी सेवा झाल्याशिवाय मासिक पेन्शन नाही. पूर्ण पेन्शनसाठी पूर्वी ३३ वर्षं लागत, सहाव्या वेतन आयोगानंतर ती अट २० वर आली. वैद्यकीय प्रमाणपत्राशिवाय घेतलेली असाधारण रजा सहसा वजा होते, राजीनामा दिला तर मागची सेवाच बुडते. हे सगळे नियम कडक असले तरी समजण्यासारखे आहेत. नोकरी केली त्या दिवसांची पेन्शन, न केलेल्या दिवसांची नाही. भांडण आहे ते नोकरी केलेले दिवसच नोकरीत न धरण्याचं.

राजकारणाचा भाग आधी संपवून टाकतो, कारण तो सगळ्यांना ठाऊक आहे. महाराष्ट्राने ३१ ऑक्टोबर २००५ च्या शासन निर्णयाने ठरवलं की १ नोव्हेंबर २००५ आणि त्यानंतर रुजू होणाऱ्यांना जुनी पेन्शन नाही, परिभाषित अंशदान योजना, जिच्यात पगारातून कापलेले पैसे आणि सरकारचा वाटा साठवला जातो. म्हणजे आपल्या बोलण्यातली डीसीपीएस, जी पुढे राष्ट्रीय पेन्शन योजनेत, एनपीएसमध्ये गेली. डिसेंबर २०२२ मध्ये इथेच, नागपूरच्या अधिवेशनात, तेव्हाचे उपमुख्यमंत्री आणि अर्थमंत्री देवेंद्र फडणवीस यांनी सांगितलं की जुनी पेन्शन दिली तर १ लाख १० हजार कोटींचा बोजा पडेल आणि राज्य दिवाळखोरीत जाईल. महिनाभरात विधान परिषदेच्या निवडणुका लागल्या तेव्हा सूर बदलला, पेन्शनबाबत आम्ही नकारात्मक नाही, द्यायची धमक आमच्यातच आहे, असं सांगितलं गेलं. फेब्रुवारी २०२३ मध्ये नागपूर शिक्षक मतदारसंघात भाजपचा पाठिंबा असलेले नागो गाणार हरले आणि सुधाकर अडबाले निवडून आले. त्या निकालात पेन्शनचा वाटा किती हे ज्याने त्याने ठरवावं, माझ्या मते बराच होता. मार्चमध्ये राज्यभर संप झाला, १४ तारखेला सुरू झाला आणि २० ला मागे घेतला गेला. मग समिती, समितीचा अहवाल, जानेवारी २०२४ मध्ये मंत्रिमंडळाचा निर्णय की ज्यांच्या पदाची जाहिरात १ नोव्हेंबर २००५ पूर्वी निघाली पण नेमणूक नंतर झाली त्यांना जुन्या पेन्शनचा एकदाच विकल्प. सुमारे २६ हजार कर्मचाऱ्यांना त्याचा फायदा होणार असं तेव्हा सांगितलं गेलं. ऑगस्ट २०२४ मध्ये केंद्राने एकत्रित निवृत्तिवेतन योजना आणली आणि दुसऱ्याच दिवशी महाराष्ट्राने ती स्वीकारत असल्याचं जाहीर केलं.

या जाहिरातीच्या निर्णयाकडे जरा थांबून पाहायला हवं. सरकारने त्यात मान्य काय केलं? जाहिरात आणि नेमणूक यांच्यातला विलंब कर्मचाऱ्याचा नाही, तेव्हा त्याची शिक्षा त्याला नको. तत्त्व अगदी बरोबर आहे. मग हेच तत्त्व शाळेच्या अनुदानाला का लागू होत नाही? अनुदान उशिरा मिळालं तर तो विलंब कुणाचा असतो?

उदाहरण घेऊ. सावनेर तालुक्यातली दोन गावं धरा. विदर्भात तेव्हा शाळा २६ जूनला उघडत, म्हणून तारीख २६ जून १९९८. दोघी बी.एस्सी. बी.एड., दोघींचं वय २६, दोघी एकाच दिवशी विज्ञान शिकवायला रुजू. एकीची शाळा जुनी, शंभर टक्के अनुदानित. दुसरीची शाळा त्याच वर्षी उघडलेली, विनाअनुदानित तत्त्वावर मान्यता मिळालेली. तेव्हाच्या सूत्राप्रमाणे अशा शाळेला पहिली चार वर्षं काही नाही, पाचव्या वर्षापासून २० टक्के, मग दरवर्षी २० ची भर, नवव्या वर्षी १००. म्हणजे कागदावर सगळं वेळेत झालं असं मानलं, जे फार क्वचित होतं, तरी दुसरीची शाळा २००५-०६ मध्ये ८० टक्क्यांवर पोहोचते आणि २००६-०७ मध्ये १०० वर. दरम्यान १ नोव्हेंबर २००५ येऊन गेलेला असतो.

पहिली २०३० मध्ये ५८ व्या वर्षी निवृत्त होईल तेव्हा तिला शेवटच्या मूळ पगाराच्या निम्मी पेन्शन आणि त्यावर महागाई भत्ता मिळेल. दुसरीही त्याच वर्षी निवृत्त होईल, पण जुनी पेन्शन तिला नाही. कारण २९ नोव्हेंबर २०१० च्या शासन निर्णयाचा शासनाने लावलेला अर्थ असा की १ नोव्हेंबर २००५ ला जी शाळा शंभर टक्के अनुदानावर नव्हती, तिथल्या शिक्षकाची नेमणूक कितीही आधीची असो, तो नव्या योजनेत. दोघींनी तेच पुस्तक शिकवलं, दहावीच्या परीक्षेला त्याच नागपूर विभागीय मंडळाच्या केंद्रावर पर्यवेक्षण केलं, त्याच मंडळाच्या उत्तरपत्रिका तपासल्या. १ नोव्हेंबर २००५ ला दुसरीच्या पगारातले शंभरातले ८० रुपये सरकारच देत होतं. राहिलेल्या २० रुपयांवरून ३२ वर्षांच्या नोकरीची पेन्शन ठरली.

यात एक गोष्ट शासनाच्या बाजूने कुणी समजावून सांगितली तर मला खरंच ऐकायची आहे. खासगी शाळांतील कर्मचाऱ्यांच्या १९८१ च्या नियमावलीत पेन्शनचा नियम आहे. अनुदानित माध्यमिक शाळेतून १ एप्रिल १९६६ नंतर आणि अनुदानित प्राथमिक शाळेतून १ एप्रिल १९७९ नंतर निवृत्त झालेले पूर्णवेळ कर्मचारी पेन्शनला पात्र. तिथे शंभर टक्के हा शब्दप्रयोग नाही. जुलै २०२० मध्ये शासनाने नियमावली बदलण्याचा मसुदा काढला, अनुदानित शाळेची व्याख्या शंभर टक्क्यांशी बांधणारा आणि तीही मागच्या तारखेपासून. करोनाच्या दिवसांत घरात बसून शिक्षकांनी हरकतींचा पाऊस पाडला आणि डिसेंबरमध्ये मसुदा मागे घ्यावा लागला. आता साधा प्रश्न: नियमाचा अर्थ आधीपासून तोच होता, तर व्याख्या बदलायला का निघालात? मसुदा काढणं हीच कबुली होती. तरीही टेबलावरचा अर्थ आजतागायत तोच आहे. वाद सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला, मधल्या काळात माणसं निवृत्त होत राहिली, काही वारलीसुद्धा.

तरी १९९८ च्या शिक्षिकेची गोष्ट त्यातल्या त्यात बरी म्हणायची. तिची निदान २००६ पासूनची २४ वर्षं तरी मोजली जातील. खरी पंचाईत तिच्यानंतरच्यांची आहे. राज्याने २००१ नंतर शाळांना ‘कायम विनाअनुदानित’ म्हणून मान्यता द्यायला सुरुवात केली. त्यातला ‘कायम’ जुलै २००९ मध्ये काढला आणि त्यानंतर मूल्यांकन, पात्र-अपात्र, घोषित-अघोषित असा खेळ सुरू झाला. २००३ मध्ये तिशीत अशा शाळेत लागलेला एखादा शिक्षक घ्या. शाळेला २०१६ मध्ये २० टक्के मिळाले. २०२० मध्ये ४० झाले, २०२३ मध्ये ६०, आणि २०२५ च्या जुलैत भर पावसाळ्यात आझाद मैदानावर बसल्यावर पुढच्या टप्प्याच्या पैशाचं आश्वासन. समजा २०२७ मध्ये शंभर टक्के झाले. हा माणूस २०३१ मध्ये निवृत्त होणार. नोकरी २८ वर्षांची, मोजायची सेवा चार वर्षांची. दहाचा उंबरठा तो ओलांडूच शकत नाही. त्याला जुनी पेन्शन नाही हे आहेच, पण उद्या सरकारने उदार होऊन सगळ्यांना जुनी पेन्शन दिली तरी मोजणी हीच राहिली तर त्याच्या हातात मासिक काहीच येणार नाही. केंद्राच्या एकत्रित योजनेतही पूर्ण लाभाला २५ वर्षं लागतात आणि महिना १०,००० रुपयांच्या किमान हमीलाही दहा वर्षं लागतातच. अशा टप्प्यावरच्या, म्हणजे अनुदान टप्प्याटप्प्याने मिळणाऱ्या शाळेत ना भविष्य निर्वाह निधीची कपात होते, ना एनपीएसची. म्हणजे निवृत्तीच्या दिवशी हार, नारळ, शाल आणि घरी.

म्हणून मी म्हणतो की योजनेचं नाव कोणतं यापेक्षा मोजणी कुठून हा प्रश्न मोठा आहे. संघटनांचे पुढारी हे जाणत नाहीत असं नाही. पण मोर्च्यात येणारा बहुसंख्य कर्मचारी २००५ नंतर थेट शंभर टक्के पगारावर लागलेला असतो, त्याला मोजणीची अडचण नसते. टप्प्यावरचे शिक्षक वेगळा मोर्चा काढतात, वेगळ्या मंडपात बसतात. सरकारला याहून सोयीचं काय असणार?

आता विरुद्ध बाजू. ती लटकी नाही, आणि नागपुरात बसून तर ती नाकारताच येणार नाही. २०२५ मध्ये याच शहरात शालार्थ आयडीचा, म्हणजे शिक्षकांचे पगार निघतात त्या ऑनलाइन प्रणालीतल्या ओळख क्रमांकांचा, घोटाळा बाहेर आला. कधी शाळेत पाऊल न ठेवलेल्या माणसांच्या नावे मागच्या तारखेचे नेमणूक आदेश, बनावट मान्यता, खोटी कागदपत्रं, त्यावर शालार्थ प्रणालीत नाव आणि सरकारी तिजोरीतून थकबाकीसह पगार, असे आरोप. शिक्षण विभागातल्या मोठ्या अधिकाऱ्यांना अटक झाली, विशेष तपास पथक नेमलं गेलं. एकेका नेमणुकीसाठी लाखो रुपये मोजल्याच्या चर्चा तर चहाच्या टपरीवर होत्याच. मग सरकार म्हणणार, आणि म्हणतंच, की विनाअनुदानित काळातली सेवा मोजायची म्हटलं की उद्या हजारो माणसं १९९९ चे आदेश घेऊन उभी राहतील. त्या काळात शाळेचा हजेरीपट आमच्याकडे नव्हता, पगार आम्ही दिला नाही, संस्थाचालकाने कुणाला कधी ठेवलं आणि कधी काढलं आम्हाला काय माहीत? नेमणूक करणारा खासगी, डोनेशन घेणारा खासगी, आणि पेन्शन देणारा मात्र करदाता.

या आक्षेपातला शेवटचा भाग मला पटत नाही, पण पुराव्याचा भाग पूर्ण पटतो. म्हणून मागणीच अशी करायला हवी की मागून तयार होऊ शकणार नाही असा पुरावा असेल तेवढीच सेवा मोजा. असा पुरावा असतो. तो शिक्षकाच्या पिशवीत नसतो, सरकारच्याच कपाटात असतो. शिक्षणाधिकारी कार्यालयाची आवक-जावक नोंदवही, ज्यात वैयक्तिक मान्यतेचा जावक क्रमांक त्या वर्षाच्या क्रमाने बसलेला असतो. आधीच्या आणि नंतरच्या क्रमांकांमध्ये एक ओळ घुसडायची तर पानच बदलावं लागतं. विभागीय मंडळाकडे पर्यवेक्षक आणि परीक्षकांच्या त्या-त्या वर्षीच्या याद्या असतात, मानधन दिल्याच्या नोंदी असतात. दरवर्षी ३० सप्टेंबरच्या माहितीवर भरले जाणारे शाळांचे तक्ते, नंतरच्या काळात यू-डायस ही शाळांच्या माहितीची संगणकीय नोंद, यात शिक्षकांची संख्या आणि नावं आहेत. शाळा तपासणीचे शेरे आहेत. जनगणनेच्या आणि निवडणुकीच्या कामाचे आदेश तहसील कार्यालयातून निघाले असतील तर तेही आहेत. बनावट माणूस एक आदेश बनवतो, फार तर दोन. सावनेरच्या शाळेचा, नागपूरच्या मंडळाचा आणि तहसीलचा कागद, तिन्ही एकाच वर्षाचे आणि एकमेकांशी जुळणारे, असं वीस वर्षांनी मागे जाऊन कुणाला बनवता येत नाही. अशा कोणत्याही दोन स्वतंत्र सरकारी नोंदी जुळल्या तर ते वर्ष मोजा, नाही जुळल्या तर सोडून द्या. काही खऱ्या शिक्षकांची एक-दोन वर्षं यात बुडतील. मला ते मान्य आहे. आज सगळीच बुडतात.

एक बारीक गोष्ट इथे सांगायला हवी. घोटाळा उघड झाल्यावर त्याचा जाच कुणाला झाला? सगळ्यांची कागदपत्रं पुन्हा मागवली गेली. ज्यांनी मान्यतेच्या फायली दाबून ठेवल्या, टेबलाखालून पुढे सरकवल्या, त्यांच्या कारभाराचा पुरावा गोळा करायचं काम पंचवीस वर्षं प्रामाणिक नोकरी केलेल्या मास्तरच्या डोक्यावर आलं. मूळ मान्यतेची प्रत आणा. कार्यालयात सापडत नाही, तुमच्याकडे असेल ना? ज्या कार्यालयाने कागद दिला त्याच कार्यालयाने तो हरवला, आणि मागायचा मात्र ज्याला दिला त्याच्याकडे. पुरावा देण्याची जबाबदारी अभिलेख सांभाळणाऱ्याची आहे, हे एकदा लेखी ठरलं तरी निम्म्या पेन्शन केसेस सुटतील.

हा रोग फक्त खासगी शाळांचा नाही. जिल्हा परिषदेच्या शिक्षकाची नोकरी सरकारी, नेमणूक सरकारी, पगार पहिल्या दिवसापासून सरकारी, तरी त्याची सेवा सरळ मोजली जाईल याची खात्री नाही. गडचिरोलीत धानोरा पंचायत समितीत दहा वर्षं काढून आंतरजिल्हा बदलीने रामटेकला आलेला शिक्षक घ्या. बदलीत त्याची ज्येष्ठता जाते, सेवा जात नाही, निदान नियमाने जात नाही. पण सेवापुस्तक गडचिरोलीहून येताना त्यात तीन वर्षांची सेवा पडताळणी राहून गेलेली असते. एका वेतनवाढीला तांबड्या शाईत खाडाखोड असते आणि बाजूला सही नसते. ज्याने सही करायची तो गटशिक्षणाधिकारी केव्हाच निवृत्त झालेला. निवृत्तीच्या दोन वर्षं आधी पेन्शनचे कागद जुळवायला घ्यावेत असं नियम सांगतात. प्रत्यक्षात सेवापुस्तक पहिल्यांदा नीट उघडलं जातं ते शेवटच्या सहा महिन्यांत, आणि त्रुटी निघाली की मास्तर एसटीने धानोऱ्याला. खासगी अनुदानित शाळेची केस वेतन पथकातून सिव्हिल लाइन्सच्या महालेखापाल कार्यालयात जाते, तिथून आक्षेप निघून परत येते, पुन्हा जाते. उशीर झाला तर व्याज देण्याची तरतूद नियमांत आहे. ते व्याज मागणाऱ्याकडे कार्यालयात कसं बघतात हे ज्याने मागितलं त्यालाच ठाऊक.

शासकीय आश्रमशाळांची गोष्ट आणखी वेगळी. गडचिरोली, चंद्रपूर, गोंदियाकडच्या आश्रमशाळांत रोजंदारीवर, तासिकेवर वर्षानुवर्षं शिकवणारे शिक्षक आहेत. जागा रिकामी, काम कायमचं, माणूस मात्र दर सत्राला नवा दाखवलेला. असा मधे-मधे पाडलेला खंड हा खंड नसून कार्यालयाची हातचलाखी आहे, असं मी तरी मानतो. २०१९ मध्ये प्रेम सिंह विरुद्ध उत्तर प्रदेश शासन या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ‘वर्क-चार्ज्ड’, म्हणजे ठरावीक कामाच्या खर्चातून पगार देणाऱ्या आस्थापनेवर वर्षानुवर्षं राबवलेल्या आणि मग नियमित केलेल्या कर्मचाऱ्यांची आधीची सेवा पेन्शनसाठी धरायला लावली. त्यातला विचार सोपा आहे: नियमित स्वरूपाचं काम करून घ्यायचं आणि नाव तात्पुरतं ठेवायचं, याचा फायदा मालकाला घेऊ देता येत नाही. शिक्षकाच्या बाबतीत हा विचार लागू का नाही हे सांगणं अवघड आहे.

पैशाचा प्रश्न टाळून हा लेख लिहिला तर तो भाषणच होईल. विनाअनुदानित काळातली प्रत्येकाची संपूर्ण सेवा मोजा, जुनी पेन्शन द्या आणि थकबाकीही द्या, अशी मागणी मी करत नाही. राज्याच्या अर्थसंकल्पात पगार, पेन्शन आणि व्याज यांचा वाटा आधीच फार मोठा आहे, आणि ज्या शेतमजुराच्या मुलाला मास्तर शिकवतो त्या शेतमजुराला पेन्शन नाही, हेही खरं आहे. म्हातारपणी मिळणारं निराधार अनुदान किती तुटपुंजं असतं ते गावात राहणाऱ्याला सांगायला नको. तेव्हा मधला रस्ता हवा, आणि तो नव्याने शोधावा लागत नाही. केंद्र सरकारने १९६८ मध्येच ठरवलेलं आहे की आकस्मिक खर्चातून पगार घेणारा पूर्णवेळ कर्मचारी पुढे नियमित झाला तर त्याच्या आधीच्या सेवेपैकी निम्मी सेवा पेन्शनसाठी धरायची. हेच इथे लावा. विनाअनुदानित काळातली, दोन नोंदींनी सिद्ध झालेली सेवा निम्मी धरा. अंशतः अनुदानाच्या काळातली सेवा मात्र पूर्ण धरा, कारण त्या काळात सरकारने शिक्षक मान्य केला, त्याचं नाव शालार्थमध्ये घातलं, पगाराचा वाटा उचलला आणि शाळेची शिक्षकपदं ठरवणाऱ्या संचमान्यतेत त्याला मोजलं. अतिरिक्त ठरवताना तो मोजायचा आणि पेन्शन देताना मोजायचा नाही, हे दोन्ही एकत्र चालणार नाही.

या हिशेबाने २००३ च्या शिक्षकाची विनाअनुदानित १३ वर्षं साडेसहा होतात, २०१६ पासूनची १५ पूर्ण धरली की एकूण साडेएकवीस. दहाचा उंबरठा तर तो सहज ओलांडतो. पंचवीस वर्षांची अट असलेल्या एकत्रित योजनेत त्याला मिळणारी पेन्शन १९९८ च्या सरकारी पगारावरच्या शिक्षिकेइतकी नसेल, नसावीही, पण औषधपाण्यापुरती हमी राहील. सरकारवर याचा बोजा एकदम पडणार नाही. या शाळांतले शिक्षक टप्प्याटप्प्याने, २०२५ पासून पुढची पंधरा-वीस वर्षं निवृत्त होत राहणार आहेत. किती, कुठे आणि केव्हा, याची यादी शालार्थमध्ये जन्मतारखेसह पडलेली आहे. एका आठवड्यात हिशेब निघेल. दिवाळखोरीची भाषा करण्याआधी निदान तो आकडा सभागृहात ठेवा.

तारखेच्या रेषेबद्दलही दोन शब्द. १७ डिसेंबर १९८२ च्या नकारा खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ३१ मार्च १९७९ ही निवृत्तीची तारीख धरून पेन्शनरांची दोन गटांत केलेली विभागणी मनमानी ठरवली, आणि पेन्शन म्हणजे मालकाच्या मर्जीची बक्षिसी नव्हे असं स्पष्ट सांगितलं. देशभर १७ डिसेंबर पेन्शनर दिन म्हणून साजरा होतो तो त्यामुळे. नंतरच्या निकालांनी सरकारची बाजूही मानली, नवी योजना आणताना कुठलीतरी तारीख ठरवावीच लागते हे मान्य केलं. मलाही ते मान्य आहे. १ नोव्हेंबर २००५ ही तारीख नेमणुकीला लावा, काही म्हणणं नाही. पण नेमणूक आधीची असताना ती शाळेच्या अनुदानाच्या टक्केवारीला लावायची, आणि ती टक्केवारी कधी वाढवायची हे स्वतःच्याच हातात ठेवायचं, यात रेषा आखणाऱ्यानेच खेळाडूला रेषेबाहेर उभं केलेलं आहे.

आणि आता या सगळ्याला मुदत लागली आहे. १ सप्टेंबर २०२५ ला सर्वोच्च न्यायालयाने, महाराष्ट्रातूनही गेलेल्या प्रकरणांत, निकाल दिला की पहिली ते आठवीला शिकवणाऱ्या, निवृत्तीला पाच वर्षांहून जास्त राहिलेल्या शिक्षकांनी दोन वर्षांत शिक्षक पात्रता परीक्षा उत्तीर्ण व्हायची, नाहीतर सेवा सोडायची किंवा सक्तीने निवृत्त व्हायचं. टीईटी हवी की नको हा वेगळा वाद आहे, माझं मत विचाराल तर पन्नाशीच्या शिक्षकाला परीक्षेला बसवून शाळा सुधारत नाहीत. इथे महत्त्वाची आहे ती त्याच निकालातली दुसरी ओळ. सक्तीने निवृत्त होणाऱ्याला सेवानिवृत्तीचे लाभ मिळतील, पण नियमाप्रमाणे अर्हताकारी सेवा झालेली असेल तरच. सेवा कमी पडत असेल तर त्याने शासनाकडे निवेदन द्यावं आणि विभागाने त्याचा विचार करावा, अशी मोकळीक न्यायालयाने ठेवली आहे.

ही मोकळीक म्हणजे महाराष्ट्र शासनाच्या हातात दिलेला अधिकार आहे. टप्पा अनुदानावरचा प्राथमिकचा शिक्षक टीईटीत राहिला तर तो घरी जाईल, आणि त्याची मोजलेली सेवा शून्य किंवा दोन-तीन वर्षं असेल. त्याचं निवेदन कोणत्या निकषावर तपासणार? प्रत्येकाने आपापली पिशवी घेऊन उपसंचालकाच्या दारात उभं राहायचं, ज्याची ओळख त्याची सेवा भरली आणि बाकीच्यांची त्रुटी निघाली, असं होऊ द्यायचं नसेल तर निकष आधी आणि लेखी हवेत: कोणत्या नोंदी चालतील, कोणत्या काळाची किती सेवा धरायची, नोंदी शोधायच्या कुणी, किती दिवसांत, आणि नाकारलं तर कारणासह आदेश द्यायचा की नाही. निकालाने दिलेली दोन वर्षं सप्टेंबर २०२७ ला संपतात. त्याआधी डिसेंबर २०२६ चं हिवाळी अधिवेशन येतं. मॉरिस कॉलेजच्या टी-पॉइंटवर जे निवेदन दिलं जाईल त्यात जुन्या पेन्शनच्या खाली हा दुसरा परिच्छेद संघटनांनी लिहावा, आणि शिष्टमंडळात टप्प्यावरच्या शाळेतला एक तरी शिक्षक आत न्यावा.